दार लावून घ्या

घरात तिला धाकटी म्हणत. पन्नाशी उलटली, केस पिकले, जिना चढताना गुडघे कुरकुरायला लागले, तरी धाकटीच. कारण तिच्या वर एक थोरली होती आणि थोरली असेपर्यंत हिला बढती मिळणं शक्य नव्हतं. थोरली टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेली. तीस वर्षं लोकांचे फोन जोडून देऊन तिचा आवाज गोड झाला होता आणि जीभ तिखट. धाकटीने लग्न केलं होतं, ते मोडलं होतं, आणि एक सुटकेस अन् दोन कॅमेरे घेऊन ती बहिणीकडे चार दिवस राहायला आली होती. त्याला आता वीस वर्षं झाली होती.

"सुटकेस एकच होती," थोरली आल्यागेल्याला सांगायची, "पण कॅमेऱ्यांनी माझी दोन कपाटं गिळली."

कॅमेरा घरातलाच म्हणायचा. वडलांचा बाजारपेठेच्या टोकाला, एका जिन्याखालच्या खोलीत फोटो स्टुडिओ होता. एक स्टूल, एक पडदा, दोन दिवे. शाळा सुटली की धाकटी तिथे जाऊन बसायची आणि मोठमोठ्या माणसांना हुकूम सोडायची: हनुवटी खाली, खांदे सरळ, डोळे मिटू नका. वडील म्हणायचे, "समोरचा माणूस आहे त्याहून जरा बरा दिसला पाहिजे. तेवढ्यासाठीच तो आपल्याकडे येतो." हे तिने मनाशी घट्ट धरून ठेवलं, आणि पुढे ते सोडायला तिला अर्धं आयुष्य लागलं.

वडलांच्या मागे तिने व्हिडिओ कॅमेरा घेतला. लग्नं, वाढदिवस, कारखान्यांची उद्घाटनं. एकदा एका सूतगिरणीच्या समारंभाचं चित्रीकरण करताना तिच्या लक्षात आलं, की कामगारांना हाक मारली तरी ते वळून बघत नाहीत. निम्म्याहून जास्त माणसं यंत्रांच्या आवाजाने बहिरी झाली होती आणि मालकांच्या दप्तरी सगळ्यांचे कान ठणठणीत होते. समारंभाची चित्रफीत तिने मालकांना दिली, आणि मग स्वतःहून परत जाऊन त्या बहिऱ्या माणसांवर चाळीस मिनिटांचा माहितीपट केला. त्याने गदारोळ झाला, चौकशी झाली, आणि धाकटीचं नाव झालं. त्यानंतर दगडखाणी, वेड्यांचं इस्पितळ, तुरुंग. बाई कॅमेरा घेऊन आली म्हणजे कुणाची तरी खुर्ची डुगडुगणार, असं लोक बोलायला लागले.

कार्यक्रमांत तिची ओळख करून देताना या सगळ्या कामांची यादी वाचली जायची. त्या यादीत एक चित्रफीत कधीच नसायची. सूतगिरणीच्या दोन वर्षं आधीची, बारा मिनिटांची, अनाथ मुलींच्या एका संस्थेसाठी केलेली. तिचं स्वतःच्या हिमतीवरचं ते पहिलं काम. लपवावं असं त्यात काही आहे असं तिला वाटत नव्हतं. जाहिरातीचं काम, पोटापाण्यासाठी केलेलं, ते काय सांगायचं, इतकंच.

वाचनालयाच्या सभागृहात तिचा तुरुंगावरचा माहितीपट दाखवला, त्या दुपारची गोष्ट. खटला उभा राहण्याची वाट बघत आत म्हाताऱ्या झालेल्या बायकांची ती कहाणी होती. दिवे लागले, टाळ्या झाल्या, नेहमीचे प्रश्न झाले. मग मागच्या रांगेतली एक बाई उठून उभी राहिली. तिशीची, अंगाने काटक, मनगटावर भाजल्याच्या दोनतीन जुन्या रेघा.

"तुरुंगातल्या बायकांचं दाखवलंत ते बरं केलंत," ती म्हणाली. "आमच्याकडे आला होतात तेव्हा का नाही दाखवलंत?"

"तुमच्याकडे म्हणजे?"

"मुलींच्या संस्थेत. निळे फ्रॉक घालून आम्हाला ओळीत उभं केलं होतं. तुम्ही गेलात आणि लगेच फ्रॉक काढून घेतले."

सभागृहात कुणीतरी उगाच खोकलं. तेवढ्यात ती बाई खुर्च्यांमधून वाट काढत बाहेर पडलीसुद्धा. आयोजक आभार मानायला उभे राहत होते. धाकटीने माइक त्यांच्या हातात कोंबला आणि ती मागोमाग धावली. रस्त्याच्या कोपऱ्यावर तिने तिला गाठलं.

"थांबा. मला नीट सांगा."

"मला थांबता येणार नाही. तीनला दुकान उघडायचंय. यायचं तर या."

ती एका लाँड्रीत इस्त्रीचं काम करायची. दुकान म्हणजे काय, एक लांबडं टेबल, भिंतीला टांगलेले शर्ट आणि वाफेचा वास. इस्त्रीवालीने इस्त्री तापत ठेवली, एक चादर पसरली आणि मान वर न करता बोलायला लागली. धाकटी दारातल्या स्टुलावर बसून ऐकत राहिली. कॅमेरा तिने पिशवीतून काढलाच नाही.

त्या संस्थेत मुलींना नावाने हाक मारायची पद्धत नव्हती. कपड्यावर शिवलेल्या आकड्याने मारायची. मुलींनी आपसात आपली नावं ठेवली होती. चकणी, लांबोडी, कुजबुजी. इस्त्रीवालीच्या शेजारच्या खाटेवर बोबडी होती. आठ वर्षांची. 'र' म्हणता यायचा नाही, सगळ्याचा 'ल' करायची. अंथरूण ओलं करायची म्हणून तिला कोठीच्या खोलीत ओल्या चादरीसकट कोंडून ठेवत. एकदा तीन दिवस ठेवलं. बाहेर काढली तेव्हा अंग फणफणलेलं. आजारी मुलींच्या खोलीत टाकली, आणि नेमके त्याच दिवसांत चित्रीकरणाचे लोक येणार म्हणून सगळी धावपळ. डॉक्टरला बोलावलं तर तो विचारणार कोठीचं. म्हणून नाही बोलावलं.

"तुम्ही गेलात त्याच्या दुसऱ्या दिवशी मोठ्या बाईंनी सांगितलं, बोबडी पळून गेली." मोठ्या बाई म्हणजे संस्थेच्या अधीक्षिका. इस्त्रीवालीने चादरीची घडी घातली आणि तळहाताने दाबली. "पळायला? तिला धड बसता येत नव्हतं."

"तुम्ही तेव्हा कुणाला सांगितलं नाही?"

इस्त्रीवालीने पहिल्यांदा तिच्याकडे नीट पाहिलं. "गिऱ्हाईक येईल आता," एवढंच बोलली.

धाकटी घरी आली ती थेट कपाटाकडे गेली. कामाची कच्ची चित्रफीत ती कधी टाकून देत नसे. सगळ्या टेपा थोरलीच्या कपाटात खोक्यांमध्ये रचलेल्या होत्या. सर्वांत खालच्या खोक्यात, जुन्या पडद्यांच्या मागे, त्या संस्थेच्या सहा टेपा सापडल्या. त्यांवर तिच्याच तरुणपणच्या टापटीप अक्षरात तारखा होत्या, दहा आणि अकरा.

"शेवटी कपाट रिकामं करतेयस की काय?" थोरली म्हणाली. मग तिने बहिणीचा चेहरा बघितला आणि पुढची थट्टा गिळून टाकली.

टेपांना बुरशी धरली होती. तिचा संकलक, ज्याला सगळे मास्तर म्हणत, त्याने दोन दिवस खपून त्या पुसल्या. मास्तर साठीचा, डाव्या कानाने कमी ऐकू येणारा, आणि चहात बुडवलेलं बिस्कीट मोडून पडलं तर दिवसभर हळहळणारा माणूस. टेप चालवायचं जुनं यंत्र त्याने कुठूनसं पैदा केलं आणि एका सकाळी दोघं पडद्यासमोर बसले. पहिल्या टेपवर प्रार्थना. दुसरीवर शिवणवर्ग. तिसरीवर जेवणाची पंगत, मुलींच्या ताटांत ओसंडून वाढलेलं अन्न, आणि मुली अशा जेवताहेत की कुणी ताट उचलून नेईल. धाकटीला आठवलं, तेव्हा ती म्हणाली होती, "किती आवडीने जेवतात पोरी!"

चौथी टेप अकरा तारखेची होती. वेळ अकरा वाजून चाळीस मिनिटं. एका लांब वऱ्हांड्यातून कॅमेरा पुढे चालला होता. एका बाजूच्या खिडक्यांमधून उन्हाचे पट्टे पडलेले, दोन्ही बाजूंना निळ्या फ्रॉकमधल्या मुली, सगळ्यांचं हसू एकाच मापाचं. वऱ्हांड्याच्या टोकाला एक दार अर्धवट उघडं. कॅमेरा त्या दारावरून सरकला. आत लोखंडी खाट, करडं पांघरूण, आणि दाराकडे वळलेला एक लहानसा चेहरा. कातरलेले केस, उघडं तोंड. पुरते तीन सेकंद.

तेवढ्यात ओळीतली एक तेरा-चौदा वर्षांची मुलगी पुढे झाली आणि थेट कॅमेऱ्यात बघून म्हणाली, "बाई, आत बोबडी आहे. तिला बघा ना."

कॅमेऱ्यामागून आवाज आला. तरुण, उत्साही, घाईतला. "नंतर हं बाळ, नंतर. आधी रांगेत जा बघू." आणि मग दुसऱ्या कुणाला तरी, "आणि ते दार लावून घ्या. फ्रेममध्ये येतंय."

एक हात पुढे आला आणि दार लागलं. चित्र थांबलं. पुन्हा सुरू झालं तेव्हा वऱ्हांडा तोच, ऊन तेच, दार बंद. ती मुलगी ओळीत उभी होती आणि हसत होती.

मास्तरने यंत्र बंद केलं. धाकटीने टेप काढून घेतली आणि तिच्यावरची तारीख पुन्हा वाचली.

पुढचे पाच महिने ती झपाटल्यासारखी हिंडली. पोलिसांकडे अर्ज करून तिने संस्थेची जुनी तक्रार मिळवली. 'क्रमांक सत्तावीस ही मुलगी नऊ तारखेला दुपारी संस्थेतून पळून गेली.' खाली मोठ्या बाईंची सही. म्हणजे बाहेरची माणसं यायच्या आदल्या दिवशीच मुलगी कागदावर पळालेली होती, आणि टेपेवर मात्र दोन दिवसांनंतर ती खाटेवर दिसत होती. टेपेवरच्या तारखेवर कुणी शंका घेऊ नये म्हणून धाकटीने त्याच टेपेवरचा ऑफिसचा भाग शोधला. मोठ्या बाईंच्या खुर्चीमागे रोज एक पान फाडायचं कॅलेंडर होतं आणि त्यावर ठळक अकरा होता.

मग ती नगरपालिकेच्या जुन्या कागदपत्रांच्या खोलीत जाऊन बसली. तिथल्या कारकुनाने आधी तिला तीन वेळा उद्या या म्हणून सांगितलं, चौथ्यांदा कंटाळून किल्लीच दिली. धुळीने तिचे डोळे सुजले. अठराव्या दिवशी मृत्यूच्या नोंदवहीत एक ओळ मिळाली. तारीख बारा. 'बेवारस. स्त्री. वय अंदाजे आठ. इस्पितळाच्या फाटकाशी सापडली. ताप.' नावाच्या रकान्यात आडवी रेघ.

ती संस्थेतही गेली. मोठ्या बाई केव्हाच निवृत्त झाल्या होत्या. नवे कार्यवाह अगदी अदबीने वागले. तिने प्रश्न विचारायला सुरुवात केली तसे ते हसले, उठले आणि कपाटातून एक सीडीची चकती काढून त्यांनी तिच्यासमोर ठेवली.

"बाई, आमच्याबद्दल आम्ही काय बोलणार? हे तुम्हीच केलेलं काम. देणगीदारांना अजून आम्ही हेच दाखवतो. दोन वर्षांपूर्वी एका मुलीने खोटीनाटी तक्रार केली होती, तेव्हा चौकशीला आलेल्या सरकारी साहेबांनासुद्धा हेच दाखवलं. साहेब म्हणाले, इतकी हसरी मुलं मी माझ्या घरात पाहिली नाहीत."

"त्या तक्रारीचं पुढे काय झालं?"

"काय होणार? निकाली निघाली." त्यांनी चकती तिच्याकडे सरकवली. "ठेवा. आमच्याकडे पुष्कळ आहेत."

सतरा वर्षं तिला वाटत होतं की ते काम होऊन गेलं, संपलं. ते इथे रोज कामावर होतं. कुठली मुलगी काय सांगायला गेली की तिच्यापुढे धाकटीच्या हातची ती बारा मिनिटं उभी केली जात होती.

घरी फोन यायला लागले. उचलायची थोरली. पलीकडचा माणूस म्हणे, तुमच्या बहिणीला समजवा, या वयात हाडं लवकर जुळत नाहीत. थोरली आपल्या खात्यातल्या मधाळ आवाजात सांगायची, "आपण रांगेत आहात, कृपया प्रतीक्षा करा," आणि रिसीव्हर टेबलावर काढून ठेवायची. पण फोन झाला की ती दाराची कडी दोनदा तपासायची, हे धाकटीच्या नजरेतून सुटलं नाही.

माहितीपट जुळत आला तसा तो प्रश्न पुढ्यात आला. विचारला मास्तरनेच.

"वऱ्हांड्याच्या तुकड्यातला तुझा आवाज काढून टाकता येईल. पोरीचं वाक्य ठेवायचं, दार लागतं ते ठेवायचं. दार कुणी लावायला सांगितलं ते कुणाला कळणार आहे? पुराव्याला कुठे धक्का लागत नाही."

"बरोबर नाही ते, मास्तर."

"मग ठेव. उद्या संस्थेचे वकील हेच धरतील. बाईच दोषी, बाईच फिर्यादी, म्हणतील. सगळं काम पाण्यात जाईल. पोरीचं काय भलं होणार त्यात?"

हे पटण्यासारखं होतं, आणि म्हणूनच धोक्याचं होतं. धाकटीने दोन दिवस विचार केला आणि तिसऱ्या दिवशी आवाज काढायला सांगितलं. कामाच्या भल्यासाठी, असं ती स्वतःला म्हणाली. त्या दिवसांत ती थोरलीशीसुद्धा धड बोलत नव्हती.

तयार झालेलं काम सगळ्यांत आधी इस्त्रीवालीला दाखवायचं कबूल केलं होतं. तिच्या सुट्टीच्या दिवशी ती आली, चपला दाराबाहेर नीट लावून ठेवल्या आणि मास्तरच्या खोलीत खुर्चीच्या कडेवर बसली. पंच्याहत्तर मिनिटं तिने हूं की चूं केलं नाही. वऱ्हांडा आला. खाटेवरचा चेहरा आला तेव्हा तिचा हात एकदा तोंडाकडे गेला आणि परत मांडीवर आला. पडद्यावरची ती मुलगी म्हणाली, तिला बघा ना. दार लागलं.

संपल्यावर मास्तरने दिवा लावला. इस्त्रीवाली रिकाम्या पडद्याकडेच बघत होती.

"तिथे तुम्ही काहीतरी बोलला होतात," ती म्हणाली.

धाकटीने मास्तरकडे पाहिलं.

"मला पाठ आहे ते. त्या दिवसापासून पाठ आहे. तुम्ही दुकानात विचारलंत, कुणाला सांगितलं नाही का, तेव्हा मला वाटलं तुम्ही विसरला असाल. माणूस विसरतं. आता तर तुम्हाला माहीत आहे." तिने उठून ओढणी सारखी केली. आवाज चढला नव्हता. "तुम्ही गेल्यावर माझे केस कापले आणि मला त्याच कोठीत टाकलं. पाच दिवस. बाहेरच्या माणसाशी बोलले म्हणून. मी आत बसून विचार करायचे, बाई नंतर म्हणाल्यात, म्हणजे नंतर येतील."

मास्तर तोंड फिरवून तारा गुंडाळायला लागला, ज्या गुंडाळायची काही गरज नव्हती.

"मी आले नाही," धाकटी म्हणाली.

"नाही आलात."

इस्त्रीवाली गेल्यावर धाकटीने मास्तरला आवाज परत घालायला सांगितलं. मास्तरने या वेळी वाद घातला नाही. फक्त आवाज परत घालून ती थांबली नाही. ती स्वतः कॅमेऱ्यासमोर बसली, वडलांच्या स्टुडिओतल्यासारख्या साध्या स्टुलावर, आणि तो आवाज आपला आहे, दार आपण लावायला सांगितलं, ही चित्रफीत आपण केली आणि तिच्या आडून ही संस्था इतकी वर्षं सुखाने चालली, हे तिने सांगितलं. चार वेळा सांगितलं, कारण पहिल्या तीन वेळी ती मध्येच कारणं द्यायला लागली होती. चौथ्या वेळी कारणं दिली नाहीत, तेच ठेवलं.

माहितीपट दाखवला गेला आणि मास्तर म्हणाला होता तसंच झालं. संस्थेने नोटीस पाठवली. दोन वर्तमानपत्रांनी तिच्यावरच तोंडसुख घेतलं. एकाने लिहिलं की बाईंनी आधी संस्थेकडून काम घेतलं आणि आता बदनामी करून नाव मिळवताहेत. तिला सत्काराला बोलावणाऱ्या दोघांनी कार्यक्रम पुढे ढकलल्याचं कळवलं, कधीपर्यंत ते कळवलं नाही. पण त्याचबरोबर तिघी बायका पुढे आल्या, मग पाच, मग अकरा. त्याच संस्थेत वाढलेल्या. सरकारला चौकशी समिती नेमावी लागली.

समिती एका सरकारी इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर बसली. निवृत्त न्यायाधीश मधोमध, एका बाजूला डॉक्टरीणबाई, दुसऱ्या बाजूला खात्याचा अधिकारी. पंखा कुरकुर करत होता म्हणून बंद केलेला, त्यामुळे सगळे घामाने भिजलेले. मोठ्या बाईंना चाकाच्या खुर्चीतून आणलं होतं. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या, अंगावर शाल, आणि प्रत्येक प्रश्नाला एकच उत्तर, "आठवत नाही." एकदाच त्या आपणहून बोलल्या: "दीडशे पोरी होत्या आणि आम्ही चौघी. तुम्ही एक दिवस सांभाळून दाखवा." त्यात खोटं काही नव्हतं, आणि त्याने सुटकाही होत नव्हती.

इस्त्रीवालीची साक्ष दुपारनंतर झाली. ती सगळं सांगून गेली, दुकानात सांगितलं होतं तसंच, न रडता. मग संस्थेचे वकील उठले.

"तुम्ही म्हणता ते इतकं भयंकर होतं, तर सतरा वर्षं गप्प का बसलात? तेव्हाच कुणाला तरी सांगायचं होतं."

"सांगितलं होतं."

"कुणाला?"

"या बाईंना." तिने बोट दाखवलं नाही, नुसती मान वळवली. भिंतीलगतच्या बाकावर धाकटी बसली होती. सगळ्यांच्या माना तिकडे वळल्या.

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "खरं आहे का हे?"

धाकटी उभी राहिली. माहितीपटात सांगणं वेगळं होतं. तिथे नको वाटलं तर कॅमेरा बंद करता येत होता. इथे ती बाई दहा हातांवर बसली होती आणि तिच्याकडे बघत होती.

"खरं आहे," ती म्हणाली. "मला सांगितलं होतं. मुलगी तेव्हा जिवंत होती. मी आत जाऊन बघितलं असतं, तर डॉक्टरला बोलवावं लागलं असतं. मी दार लावायला सांगितलं."

वकिलांनी बोलायला तोंड उघडलं, आणि मग हातातले कागद चाळत खाली बसले. विचारायचं होतं त्याचं उत्तर त्यांना मिळालं होतं. ते वापरायचं कसं हे मात्र त्यांना उमगेना. डॉक्टरीणबाईंनी काहीतरी लिहून घेतलं. लघुलेखकाने विचारलं, "शेवटचं वाक्य पुन्हा सांगता?" धाकटीने ते पुन्हा सांगितलं.

घरी आल्यावर थोरलीने जेवायला वाढलं. धाकटीने दोन घास खाल्ले आणि हात थांबवला.

"मी गेले असते ना ग आत, तर..."

"तर ती जगली असती," थोरली म्हणाली. ती कधी खोटं सांत्वन करायची नाही. मग तिने स्वतःचं ताट बाजूला सारलं आणि बहिणीच्या पाठीवर हात ठेवला, आणि बराच वेळ तो काढला नाही.

अहवाल यायला चौदा महिने लागले. संस्थेचा हलगर्जीपणा सिद्ध झाला, खोटी तक्रार सिद्ध झाली, मोठ्या बाईंवर खटला भरायची शिफारस झाली. खटला उभा राहायच्या आधीच त्या झोपेत गेल्या. बोबडीच्या वेळचे कार्यवाह त्याच्या चार वर्षं आधीच गेले होते. संस्थेला कुलूप लागलं, आणि तिथल्या एकशे बारा मुलींना तीन दुसऱ्या संस्थांमध्ये वाटून टाकलं. त्या तिन्ही ठिकाणी चित्रीकरणाची परवानगी मिळावी म्हणून धाकटीने अर्ज केले. दोन फेटाळले गेले. तिसऱ्याचं उत्तरच आलं नाही.

समितीने आणखी एक आदेश दिला होता, जो वर्तमानपत्रांत कुणी छापला नाही. मृत्यूच्या नोंदवहीतली 'बेवारस' ही नोंद दुरुस्त करून मुलीचं नाव घालावं. त्यासाठी दोन साक्षीदार लागत होते. इस्त्रीवालीने धाकटीला फोन करून तारीख कळवली. यायचं का, असं तिने विचारलं नाही, नुसती वेळ सांगितली.

नगरपालिकेत तोच कारकून होता. त्याने संस्थेच्या जप्त केलेल्या दप्तरातून आलेला दाखल्याचा कागद काढला. सत्तावीस क्रमांकापुढे मुलीचं खरं नाव होतं, आईचं नाव होतं, आणि बापाच्या जागी 'माहीत नाही'. इस्त्रीवालीने ते नाव मनातल्या मनात वाचलं. मग ओठ हलवत वाचलं. नाव चांगलं होतं, चार अक्षरी, आणि त्यात दोन ठिकाणी 'र' होता.

"हीच का ती मुलगी?" कारकुनाने विचारलं.

"असेल," ती म्हणाली. "मला हे नाव माहीत नाही. तिलाही नीट म्हणता आलं नसतं." थोडं थांबून तिने विचारलं, "याच्यापुढे बोबडी असं लिहिता येईल का? कंसात?"

"टोपणनावाला रकाना नाही, बाई."

"लिहा ना. आम्ही तिला त्याच नावाने ओळखायचो. एवढ्या जागेत मावेल."

"मला लिहिता येणार नाही. उद्या माझी चौकशी होईल." तो वाईट माणूस नव्हता. त्याने वही तिच्याकडे फिरवली, कुठे सही करायची ते बोटाने दाखवलं आणि स्वतःचं पेन पुढे केलं.

इस्त्रीवालीने सही केली. त्याखाली धाकटीने केली. कारकुनाने शिक्का मारला, शाई वाळेपर्यंत फुंकर घातली आणि वही मिटली.

दोघी जिना उतरून खाली आल्या. रस्त्यावर दुपारची वर्दळ होती. धाकटीला काहीतरी बोलायचं होतं, महिनोन् महिने ती ते मनात जुळवत होती. पण इस्त्रीवालीने घड्याळ बघितलं.

"तीनला दुकान उघडायचंय," ती म्हणाली, आणि बसच्या रांगेत जाऊन उभी राहिली.